यादीतली सतरावी वस्तू

माझ्या जिभेला हाड नाही, हे मी आधीच कबूल करते, म्हणजे पुढे कुणी मला ते ऐकवायला नको. मी कवळ्या बनवते. दात काढतात ते डॉक्टर, आणि रिकाम्या जागी बसवायचे दात करते मी. पेशंट माझ्या दारात कधी येत नाही. डॉक्टर तोंडाचं माप घेतात, साचा आणि एक चिठ्ठी पाठवतात, मी कवळी करून परत धाडते. पेशंटला वाटतं, डॉक्टरांनीच केली. अठ्ठावीस वर्षं झाली, अर्धं शहर माझ्या दातांनी जेवतंय आणि रस्त्यात मला कुणी ओळखत नाही.

तर झालं असं. एका डॉक्टरांनी एकच कवळी तिसऱ्यांदा परत पाठवली. चिठ्ठीवर लिहिलं होतं, 'पेशंटला हसू नीट येत नाही.' अरे, त्याचा स्वभावच तसा असेल तर मी काय करू? माझं डोकं फिरलं. खोक्याचा पुठ्ठा फाडला, त्यावर जाड पेनने लिहिलं, 'दुकान विकायचं आहे.' खाली जरा बारीक अक्षरात, 'आतल्या बाईसकट.' आणि दिला लटकवून दारावर. येणारेजाणारे हसले. दोघांनी आत डोकावून बाईची किंमत विचारली. संध्याकाळपर्यंत माझा राग गेला, पण पाटी काढायचा कंटाळा केला. आठ दिवस ती तशीच राहिली.

तो कंटाळा मला भलताच महागात पडला.

माझ्या भिंतीला भिंत लावून नळ आणि फरश्यांचं दुकान आहे. ते माझ्या धाकट्या बहिणीच्या नवऱ्याचं. आमच्या घरात सगळे त्यांना जावईबापू म्हणतात आणि त्यांची चालही तशीच, कुणीतरी मागून उशी घेऊन येतंय अशी. मधली भिंत पाडून माझ्या जागेत बाथटब मांडायचे, हे त्यांचं कित्येक वर्षांचं स्वप्न. माझ्याकडे आले की बोलताबोलता भिंतीवर टकटक करून बघायचे, पोकळ आहे का. जागा भाड्याची, पण करार माझ्या नावावर. मी हलत नव्हते.

चार वर्षांपूर्वी मी नवी भट्टी घेतली तेव्हा याच जावईबापूंनी चार लाख दिले. मोठ्या मनाने दिले, खोटं कशाला बोलू? मी पावतीचं विचारलं तर कानाला हात लावला. "घरच्या घरात पावती कसली, ताई?" म्हणून मीही तशीच परतफेड करत गेले. दर महिन्याच्या एक तारखेला पाकीट धाकटीच्या हातात. ती ते चहाच्या डब्यात ठेवायची, जावईबापू डब्यातून काढून घ्यायचे. आता जेमतेम चाळीस हजार उरले होते.

आणि एका मंगळवारी कोर्टाचा बेलीफ दारात उभा. सडपातळ, अदबशीर माणूस, चष्मा दोरीने गळ्यात, पिशवीत डिंकाची बाटली.

"बाई, जप्तीचा हुकूम आहे," तो म्हणाला. "तुमच्यावर चार लाखांचा दावा झालाय."

"दावा झालाय ना? मग आधी निकाल तर लागू दे!"

"ही निकालाच्या आधीची जप्ती आहे."

अशीही एक असते, हे मला त्या दिवशी कळलं. कारण काय, तर मी सगळं विकून पळून जाणार आहे. पुरावा काय, तर माझ्याच दाराचा फोटो. 'दुकान विकायचं आहे.' खालची ओळ कापून टाकलेली. आतल्या बाईला जावईबापूंनी फोटोतून बाहेर काढलं होतं!

बेलीफ यादी करायला बसला. "हे काय?"

"भट्टी."

"हे?"

"पॉलिशचं यंत्र."

"आणि फळीवर हे सगळं?"

"दात."

"किती?"

"सुटे मोजू, का संचाने?"

त्याने पेन खाली ठेवलं आणि खरंच बराच वेळ विचार केला. शेवटी संचाने ठरलं. अकरा कवळ्या, त्यातल्या काही तयार, काही अर्धवट. मी एकेक उचलून दाखवत होते. सतराव्या नंबरला वरची कवळी आली, मधोमध तडा गेलेली, मी जोडून घासूनपुसून ठेवलेली. डॉक्टरांच्या चिठ्ठीवर नाव नव्हतं, नुसतं लिहिलेलं, 'पेशंट वकील आहेत. तारखेच्या आत हवी.' बेलीफने लिहिलं, '१७. कवळी, वरची, नग एक.' मग सगळं आत ठेवून दाराला कुलूप, कुलपावर कागदाची पट्टी, पट्टीवर शिक्का.

"ही फाडलीत तर गुन्हा आहे बरं," तो हळूच म्हणाला. त्यालाच वाईट वाटत होतं.

शेजारच्या दारात जावईबापू हाताची घडी घालून उभे होते. "कायद्याचं काम आहे, ताई. मनाला लावून घेऊ नका."

"मनाला नाही लावत, जावईबापू. तुमच्या तोंडाचं माप घेऊन ठेवते. लागेल कधीतरी."

बोलून मोकळी झाले खरी, पण घरी गेल्यावर बोटांवर दिवस मोजत बसले. मी एकटी बाई, लग्न केलं नाही, जे काही आहे ते त्या कुलपाच्या आत. डॉक्टर लोक थांबत नाहीत. त्यांच्या खुर्चीत बोळक्या तोंडाचा माणूस बसलेला असतो. पुलापलीकडे दुसरा कवळीवाला आहे, हात जड आहे त्याचा, पण दार उघडं आहे. पंधरा दिवस कुलूप राहिलं तर माझे सगळे डॉक्टर पुलापलीकडे जाणार, आणि मग करार सोडून द्यावाच लागणार. जावईबापूंचा हिशोब अगदी बरोबर होता.

माझी वकीलबाई सायकलदुरुस्तीच्या दुकानावरच्या माडीवर बसते. वयाने लहान, पण समोरच्याचं सगळं ऐकून घेते. तिने मला समजावलं, "खरंखोटं ठरायला वर्षं जातील. कुलूप त्याआधी उघडायचं तर एकच रस्ता आहे. दाव्याच्या रकमेइतकं तारण कोर्टात द्यायचं. तुमच्याकडे रोख?"

"असती तर त्यांच्याच तोंडावर फेकली असती."

"घर?"

"भाड्याचं."

"सोनं?"

"लोकांच्या दातांत बसवते तेवढंच."

ती हसली. "मग जामीनदार बघा. स्वतःच्या नावावर घर किंवा जमीन असलेला. तुम्ही हरलात आणि पैसे भरले नाहीत तर त्याच्या मालमत्तेतून वसूल करता येतील, असं त्याने लिहून द्यायचं. तारीख पुढच्या बुधवारी आहे."

जामीनदार! मला वाटलं, अठ्ठावीस वर्षं लोकांच्या तोंडाशी संबंध, एक तरी माणूस मिळेल. एक डॉक्टर म्हणाले, "बायकोला विचारून सांगतो," आणि फोन उचलायचेच बंद झाले. मावसभाऊ म्हणाला, "तुझ्यासाठी जीव देईन," आणि घराचं नाव काढताच त्याला कुठेतरी जायचं आठवलं. त्याचा जीव घेऊन मी कोर्टात काय दाखवणार होते?

रविवारी दुपारी धाकटी आली. डोळे सुजलेले. माझ्या स्वयंपाकघरात स्टुलावर बसली आणि पदराला गाठी मारत राहिली. ही लहानपणापासून अशीच. हिचं खेळणं कुणी हिसकावलं तर हीच त्याला "सॉरी" म्हणायची.

"ताई, ते म्हणतात, तू एक पैसाही दिला नाहीस."

"मग तू काय म्हणालीस?"

"मी म्हटलं, माझ्या हातून गेलेत ना पाकिटं. तर म्हणाले, तू मध्ये पडू नकोस, तुला हिशोबातलं काय कळतं?" मग तिने मान वर केली. "माझ्या हातून गेलेत गं ते पैसे. म्हणजे ते मलाच खोटी पाडतायत."

मी चहा ठेवायला उठले. ती मागून बोलतच होती. "मला काही कळत नाही म्हणतात, आणि सह्या मात्र माझ्याच घेतात. हाताने कागद झाकतात आणि बोट ठेवून सांगतात, 'इथे कर.' घराच्या वेळीपण तसंच. आठवतं ना तुला?"

माझ्या हातातला चमचा तसाच राहिला. आठवतंय म्हणजे? त्या कागदावर साक्षीदार म्हणून माझीच सही आहे! सहा वर्षांपूर्वी जावईबापूंचा टायरचा धंदा बुडाला, वसुलीवाले दारात यायला लागले, तेव्हा एका दुपारी त्यांनी घाईघाईने घर बक्षीसपत्र करून बायकोच्या नावावर चढवलं. वसुलीवाले आले तर घर बायकोचं, हे हात झटकून मोकळे. तेव्हापासून ते घर कागदोपत्री धाकटीचं आहे, आणि दाराची पाटी मात्र अजून जावईबापूंच्या नावाची.

मला हसू फुटलं. असं फुटलं की गॅस बंद करावा लागला. धाकटी घाबरली, तिला वाटलं मला झटकाबिटका आला. मग मी तिला सांगितलं आणि हसू आपोआप थांबलं, कारण सांगतासांगता माझ्या लक्षात आलं, मी काय मागतेय.

"नीट ऐक," मी म्हटलं. "चेष्टा नाही ही. मी हरले आणि पैसे भरू शकले नाही, तर घरावर येईल. तुझ्या डोक्यावरचं छप्पर आहे ते. आणि घरी गेल्यावर काय होईल ते वेगळंच. तू नाही म्हणालीस तर मी रागावणार नाही."

"तू रागावशील," धाकटी म्हणाली.

"बरं, रागावेन. पण चार दिवसच."

तिने पदराची एक गाठ सोडवली. मग म्हणाली, "जे लिहायचं ते मला आधी वाचायला देशील?"

तिने ते वकीलबाईच्या माडीवर बसून वाचलं. तीन पानं, पाऊण तास. प्रत्येक अवघड शब्दाला बोट ठेवून विचारलं. खाली सायकलवाल्याने दोन पंक्चर काढून संपवले तरी ही दुसऱ्याच पानावर. मग सही केली, सावकाश, पूर्ण नावाची.

बुधवारी कोर्टाच्या व्हरांड्यात जावईबापू नव्या बुटांत आले. शेजारी त्यांचे वकील, म्हातारे, भारदस्त, काळा कोट, आणि तोंडासमोर रुमाल. रुमाल खाली झाला आणि मी जागच्या जागी थबकले. वरचा ओठ आत ओढलेला, गाल खाली उतरलेले. माणसाला मी पहिल्यांदा बघत होते, पण त्याच्या टाळूशी माझी आठ दिवसांची ओळख होती. वकील आहेत, तारखेच्या आत हवी! स्वतःच अर्ज करून स्वतःचेच दात जप्त करून ठेवले होते त्यांनी, आणि बिचाऱ्यांना पत्ताच नव्हता. डॉक्टरांनी त्यांना सांगितलं असणार, लॅबमध्ये काहीतरी अडचण आहे. मी वकीलबाईच्या कानात सांगितलं. तिने ओठ घट्ट दाबून धरले आणि भिंतीकडे तोंड केलं.

न्यायाधीश चष्म्यावरून बघणारे होते. वकीलबाईने जामिनाचा कागद पुढे केला. समोरचे वकील उठले. शब्दाशब्दाला तोंडातून वाऱ्याची झुळूक जात होती, पण मुद्दा पक्का होता. जामीनदाराची चौकशी करायची आहे, पंधरा दिवसांची मुदत हवी. जावईबापूंनी माझ्याकडे बघून डोळे मिचकावले. पंधरा दिवस! माझे डॉक्टर निघालेच पुलापलीकडे.

वकीलबाई शांतपणे उभी राहिली. "मुदतीला माझी हरकत आहे, साहेब. जप्तीच्या यादीत अकरा पेशंटांच्या कवळ्या आहेत. ते पंधरा दिवस जेवणार कसे? सतरा नंबरचंच बघा. वरची कवळी, मधोमध जोडलेली, तयार आहे. डॉक्टरांच्या चिठ्ठीप्रमाणे पेशंट वकील आहेत आणि त्यांना ती आजच्या तारखेआधी हवी होती."

न्यायाधीशांनी यादी पाहिली, मग समोरच्या वकिलांच्या तोंडाकडे पाहिलं, मग परत यादीकडे. कोपऱ्यात उभ्या बेलीफला खोकला आला. वकीलसाहेबांनी रुमाल तोंडाशी नेला, माझ्याकडे पाहिलं, आणि त्यांच्या चेहऱ्यावर जो उजेड पडला तो मी मरेपर्यंत विसरणार नाही.

"मुदत नको," ते म्हणाले. "आजच ऐकावं."

"अहो!" जावईबापू मागून कुजबुजले.

"जामीनदार कोण आहे?" न्यायाधीशांनी विचारलं.

शेवटच्या बाकावरून धाकटी उठली. डोक्यावरून शाल घेऊन बसली होती, जावईबापूंनी तिला पाहिलंच नव्हतं. आता पाहिलं.

"वादीशी तुमचं नातं?"

"बायको आहे मी त्यांची."

बाकांवर हशा पिकला. न्यायाधीशांनी टेबलावर पेन आपटलं, पण त्यांच्याही मिशा हलत होत्या. "जामिनाला कुठली मालमत्ता?"

"आमचं... माझं घर."

"साहेब!" जावईबापू ताडकन उठले. "ते घर माझं आहे! हिच्या नुसतं नावावर आहे!"

न्यायाधीशांनी कोरा कागद पुढे ओढला. "असं? नुसतं नावावर का केलं होतं?"

"म्हणजे... त्या वेळी टायरचे वसुलीवाले..." आणि जावईबापू थांबले. पुढचं वाक्य कुठे जातंय ते त्यांना दिसलं असावं. त्यांच्या वकिलांनी त्यांचा शर्ट धरून खाली ओढायला सुरुवात केली होती.

"बोला ना," न्यायाधीश म्हणाले. "मी लिहून घेतो. घर तुमचं असेल तर तसं सांगा, मग हे बक्षीसपत्र कशासाठी केलं तेही सांगा. घर त्यांचं असेल तर जामीन पुरेसा आहे. कुणाचं घर?"

जावईबापूंची दातखीळ बसली. मी भल्याभल्यांचे जबडे पाहिलेत, पण इतका घट्ट मिटलेला पाहिला नाही. शेवटी ते म्हणाले, "तिचंच."

"मोठ्याने."

"तिचंच आहे, साहेब. घर तिचंच."

मी धाकटीकडे पाहिलं. ती हसत नव्हती. सहा वर्षं त्या घरात राहून हे वाक्य ती पहिल्यांदा ऐकत होती.

"बाई," न्यायाधीश तिला म्हणाले, आवाज जरा खाली आणून, "तुमचे पती जिंकले आणि तुमच्या बहिणीने पैसे दिले नाहीत, तर वसुली तुमच्या घरावर येईल. कळतंय का तुम्हाला?"

"कळतंय," धाकटी म्हणाली. "मी वाचून सही केलीय."

त्याच दुपारी बेलीफने पट्टी भिजवून अलगद सोडवली. पाठोपाठ डॉक्टरांचा माणूस धावतच आला आणि सतरा नंबर घेऊन गेला. दुसऱ्या दिवशी वकीलसाहेबांचा निरोप आला, छान बसलीये, आभारी आहे. हा निरोप मला अठ्ठावीस वर्षांत पहिल्यांदा आला. मी चहा प्यायले त्यावर, एकटीने, दोन कप.

धाकटी मात्र त्या बुधवारपासून घरात कमी बोलायची. जावईबापू तर अजिबातच नाही. मला झोप लागेना. दुकान उघडलं होतं, भट्टी तापली होती, आणि मी आपली दर तासाला भिंतीला कान लावत होते. भिंत पोकळ नव्हतीच, मेलं काही ऐकू येत नव्हतं.

पाचव्या दिवशी जावईबापू माझ्या दारात आले. भिंतीवर टकटक न करता उभे राहिले.

"वकील म्हणतात," ते म्हणाले, "मी जिंकलो तर वसुली माझ्याच... म्हणजे तिच्या घरावर येऊ शकते."

"येऊ शकते."

"मग मी जिंकून काय करू?"

"खरंच की! अहो, मग हरा! मी मदत करते."

"ताई, चेष्टा पुरे. मी दावा मागे घेतो. तुम्ही फक्त तिला सांगा, तो जामिनाचा कागद..."

"मी कोण सांगणारी? घरमालकिणीला विचारा."

संध्याकाळी मीही गेले, उरलेले चाळीस हजार पाकिटात घालून. धाकटीने जेवणाच्या टेबलावर एक कागद मांडला होता, तिच्या स्वतःच्या गोल गोल अक्षरांतला. ताईने दिलेले पैसे महिन्यावार लिहिले होते, शेवटच्या चाळीस हजारांसह सगळे पोचल्याचं लिहिलं होतं, आणि दावा मागे घेत असल्याचं. मी पाकीट तिच्या हातात दिलं. या वेळी तिने ते डब्यात ठेवलं नाही, नवऱ्यासमोर ठेवलं.

जावईबापूंनी पाकीट खिशात घातलं आणि खिशातून पेन काढलं. कागदाकडे न बघताच म्हणाले, "कुठे करू सही?"

धाकटीने कागद त्यांच्याकडे नीट फिरवला, त्यावरचा आपला हात बाजूला घेतला.

"आधी वाचा," ती म्हणाली.